सेटल झालं?

मे महिन्यात चुलतभावाच्या लग्नाला दवनीवाड्याला गेलो होतो. दोन दिवसांत अकरा जणांनी मला विचारलं, "मग, सेटल झाला का?" आकडा खरा आहे, कारण चौथ्या माणसानंतर मी मोजायला लागलो होतो.

विचारणाऱ्यांत आत्या होती, शाळेतले गुरुजी होते, जनरेटर घेऊन आलेला माणूस होता. अकराव्याबद्दल नंतर सांगतो.

माझं उत्तर ठरलेलं असतं. "होऊन राहिलो हळूहळू." पुण्यात सात वर्षं झाली. दर अकरा महिन्यांनी कंपनीचा करार नवा होतो आणि खोलीचाही, दोन्हीकडे सही करताना पोटात सारखाच गोळा येतो. आमच्याकडच्या हिशेबाने हे सेटल होणं नाही. त्याला फ्लॅट लागतो, बायको लागते आणि हप्ता लागतो. हप्ता फार महत्त्वाचा. वीस वर्षांचं कर्ज डोक्यावर असलेला माणूस सेटल आणि कुणाचं एक रुपया देणं नसलेला मी अधांतरी, हे गणित मला अजून सुटलेलं नाही.

पण त्या लग्नात एक वेगळीच गोष्ट लक्षात आली. माझे बाबूजी मांडवात खुर्चीवर बसले होते. ज्या घरात त्यांचे आजोबा राहिले त्याच घरात ते राहतात, त्याच बांध्यांत दरवर्षी धान लावतात. वैनगंगेच्या या पट्ट्यात त्यांच्याइतकं एका जागी टिकून राहिलेलं माणूस शोधावं लागेल. त्यांना मात्र कुणी कधी सेटल म्हटलेलं नाही. आमच्या गावात तो शब्द फक्त गेलेल्यांसाठी वापरतात. अमक्याचा मुलगा नागपूरला सेटल आहे, तमक्याची मुलगी हैदराबादला सेटल आहे. दवनीवाड्याला कुणी सेटल होत नाही. दवनीवाड्याला माणसं राहतात.

ज्या शब्दाचा मूळ अर्थच 'बसणं' आहे, तो लागू व्हायला आधी उठून जावं लागतं!

मूळ अर्थाचं मी उगाच म्हणत नाही. इंग्रजी साहित्यात बी.ए. केल्याचा जो थोडा उपयोग झाला, त्यातला हा एक. जुन्या इंग्रजीत 'सेटल' म्हणजे आसन, बसायची जागा. त्यावरून क्रियापद आलं, बसवणं. पाखरू फांदीवर सेटल होतं, धूळ सेटल होते, भांडण सेटल होतं, बिल सेटल होतं, माणसं नव्या मुलखात सेटल होतात. गोव्याच्या ट्रिपनंतर खर्च वाटून घ्यायच्या ॲपमध्ये 'सेटल अप'चं बटण येतं. किराणा दुकानातला क्यूआर कोडवाला सकाळी बघतो, कालची सेटलमेंट खात्यात आली का. आणि पुढे 'फॉर' हे एवढंसं अक्षर लागलं की त्याच शब्दाचा अर्थ होतो, हवं ते मिळालं नाही म्हणून मिळेल त्यावर भागवलं.

मराठीत यासाठी एक शब्द नाही, पण आपलं 'बसणं' काही कमी नाही. जम बसतो, घडी बसते, बस्तान बसतं. पण धंदा बसला म्हणजे बुडाला. घर बसलं म्हणजे ढासळलं. आवाज बसला, गाल बसले. पाऊस लांबला की आमच्याकडे शेतकरी बसतो, तो विश्रांतीला नाही. आपल्या भाषेला बहुतेक ठाऊक असावं की स्थिर होणं आणि खचणं यांत फरक करायला नुसतं क्रियापद पुरत नाही, कोण बसलंय ते पाहावं लागतं.

इंग्रजी शब्दाची आणखी एक गंमत आहे. वाद मिटवण्याचा जो अर्थ त्यात आहे, त्याच्यामागे एक दुसराच शब्द असल्याचं मानतात. मध्ययुगीन इंग्रजीत समेट करणं या अर्थाचं जवळजवळ तसंच ऐकू येणारं एक क्रियापद होतं. ते मेलं आणि जाताना आपला अर्थ याला देऊन गेलं. बसवणं आणि समेट करणं अशा दोन वेगळ्या क्रिया एका शब्दात एकत्र राहायला लागल्या. म्हणून आज कुणी "मामला सेटल केला" म्हणतो, तेव्हा समेट झाला की कुणाला तरी खाली बसवलं, हे त्या वाक्यातून कळत नाही.

आमच्या मुलखाला हा शब्द नवीन नाही. १८५० च्या दशकात भोसल्यांचं नागपूर इंग्रजांकडे गेलं आणि पुढच्या दशकात त्यांनी गावोगावच्या जमिनींचं 'सेटलमेंट' केलं. कोणत्या जमिनीचा मालक कोण आणि सारा किती, हे कागदावर बसवलं. मराठी-हिंदीत त्याला बंदोबस्त म्हणत. हा फारसी शब्द, त्यात बांधण्याचा अर्थ दोनदा आहे. त्या बंदोबस्तात मालगुजार गावाचे मालक ठरले. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली, तरी आमच्याकडच्या तलावांना अजून 'मामा तलाव' म्हणतात. ते कुणा मामाचे नाहीत, माजी मालगुजारी तलाव, त्याचं ते लघुरूप. बंदोबस्त हा शब्द आता पोलिसांकडे गेलाय. आणि "त्याचा बंदोबस्त करतो" असं कुणी म्हटलं तर जमीनमोजणी कुणाच्या डोक्यात येत नाही.

याच शब्दाचं सगळ्यात उघडं रूप सोलापुरात आहे. तिथे एका भागाचं नावच सेटलमेंट आहे. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने काही जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवलं, आणि पुढे त्यांना तारेच्या कुंपणाआड ठेवून रोज हजेरी घ्यायला सुरुवात झाली. त्या वसाहतींना सेटलमेंट म्हणत. फिरणाऱ्या माणसांना सरकारने सेटल केलं होतं. देश १५ ऑगस्ट १९४७ ला स्वतंत्र झाला, ती माणसं ३१ ऑगस्ट १९५२ ला. इंग्रजीत हे क्रियापद दोन्ही तऱ्हेने चालतं. माणूस स्वतः सेटल होतो आणि त्याला दुसरं कुणी सेटल करतंही. आपण मराठीत 'होणे' आणि 'करणे' जोडून तो फरक निदान दाखवतो तरी. आमच्याकडे मुलगा सेटल होतो, मुलीला सेटल करून टाकतात.

हे सगळं मी इतक्या ऐसपैस सांगतोय, कारण अकराव्या माणसाकडे यायला मला वेळ हवा आहे.

डिसेंबर २०१४. मी नुकताच बी.ए. झालो होतो आणि घरी होतो. माझ्या मामांकडे धान चुरायची मशीन होती, थ्रेशर. हंगामात ते गावोगाव भाड्याने फिरवायचे, सोबत चार-पाच मजूर. एका रात्री पुंजण्याजवळ काम चालू असताना त्यांच्यातल्या एका वीस वर्षांच्या मुलाचा उजवा हात मशीनमध्ये गेला. मधली तीन बोटं गेली. अंगठा आणि करंगळी राहिली.

मामा वाईट माणूस नाही, हे मला सांगायलाच हवं. त्यांनी त्याच रात्री गाडी काढली, दवाखान्याचा सगळा खर्च केला, त्यासाठी उसने पैसे घेतले. महिनाभर त्याच्या घरी तांदूळ पोचवला. मग चार मोठी माणसं बसली. पोलिसात जायचं नाही असं ठरलं. तंटामुक्त गाव मोहीम सुरू होऊन तेव्हा सात वर्षं झाली होती आणि गावातली गोष्ट गावात मिटवणं हे चांगल्या माणसांचं लक्षण झालं होतं. मोहिमेचा हेतू चांगलाच होता. धुऱ्याच्या वादापायी पिढ्या कोर्टात गेलेल्या मी पाहिल्या आहेत. पण मिटवलेले तंटे मोजता येतात, ते कुणाच्या अंगावर मिटले ते मोजता येत नाही. पंचवीस हजार रुपये ठरले. शंभराच्या स्टॅम्प पेपरवर लिहायचं होतं आणि घरात शिकलेला मी होतो.

मी लिहिलं. अक्षर माझं चांगलं आहे. "सदर घटनेबाबत माझी कोणाविरुद्ध कोणतीही तक्रार नाही व भविष्यात राहणार नाही." ही ओळ मला कुणी सांगितली नव्हती. ती मीच घातली, आणि कागद पक्का झाला म्हणून मला तेव्हा थोडा अभिमानही वाटला.

तो मुलगा दहावी पास होता. सही करणारा हात पट्टीत होता. कुणीतरी म्हणालं, अंगठा घ्या. पुरुषाचा अंगठा डाव्या हाताचा घेतात, त्यामुळे काहीच अडचण आली नाही.

संध्याकाळी मामांनी फोनवर कुणाला तरी सांगितलं, "सेटल झाला जी मामला." त्यांचा आवाज हलका झाला होता. माझंही मन हलकं झालं होतं.

आता लग्नात तो वाढायला होता, केटरिंगवाल्यासोबत. भाजीची बालटी उजव्या हाताच्या अंगठ्यात आणि करंगळीत अडकवलेली, वाढणं डाव्या हाताने. मला ओळखून थांबला.

"तुम्ही सेटल झाले का जी, भाऊ?"

"नाही न अजून."

"होऊन जाईन जी. माझं तं तुम्हीच केलं होतं." आणि हसला. टोमणा होता का? मी खूप विचार केला. मला वाटतं नव्हता. त्याच्या लेखी ते प्रकरण खरंच त्या नावाने जमा असावं. टोमणा असता तर मला बरं वाटलं असतं.

परतताना महाराष्ट्र एक्स्प्रेसमध्ये वरच्या बर्थवर पडून मी फोनवर कायदा शोधला. अकरा वर्षांत पहिल्यांदा. कामावर झालेल्या इजेच्या भरपाईचा कायदा १९२३ सालचा होता, इंग्रजांच्या काळातला. यंत्राच्या बळावर चालणाऱ्या शेतीकामातला मजूरही त्यात येत होता. एका हाताची तीन बोटं गेली तर कमाईची क्षमता ३० टक्के गेली असं त्याच्या परिशिष्टात धरलं होतं. पगाराचे ६० टक्के घ्यायचे, त्याला वयाच्या आकड्याने गुणायचं, विसाव्या वर्षासाठी तो आकडा २२४. मी महिन्याचे पाच हजार धरले. फोनच्या कॅल्क्युलेटरवर गुणाकार केला, मग त्याचे ३० टक्के. दोन लाख एक हजार सहाशे.

पुढे आणखी होतं. भरपाईचा हक्क सोडायला लावणारा किंवा ती कमी करणारा करार त्या कायद्याने बाद. समझोता करायचा तर त्याची नोंद आयुक्तांकडे करायची, आणि रक्कम अपुरी वाटली तर ते नोंद नाकारू शकत. म्हणजे माझी ती पक्की ओळ कायद्याच्या दृष्टीने कधी बसलीच नव्हती. फक्त त्या मुलाला हे कुणी सांगितलं नाही. दाव्याची मुदत दोन वर्षं, उशिराचं पुरेसं कारण असेल तर सवलत. 'मला माहीतच नव्हतं' हे पुरेसं कारण होतं का, हे शोधेपर्यंत वर्धा आलं आणि नेटवर्क गेलं.

रोवणीच्या आधी बांधीत चिखल करतात. चिखल झाला की लगेच पऱ्हे लावत नाहीत, गाळ जरा खाली बसू देतात. पाणी वर निवळतं, आकाश दिसायला लागतं. लहानपणी मी मुद्दाम पाय टाकून ते गढूळ करायचो आणि बाबूजी ओरडायचे. मामांना फोन केला तेव्हा ते तसेच ओरडले. "सेटल झालेलं कायले उकरून राहिला? तू आपली नोकरी पाय."

मामांची मशीन कधीच विकली गेली. त्यांना दोनदा ॲटॅक येऊन गेलाय. त्यांच्याकडून आता दोन लाख मागायचे का? की मी द्यायचे, दर अकरा महिन्यांनी करार होणाऱ्या पगारातून? आणि त्याने नको म्हटलं तर? त्याने ती गोष्ट त्याच्या परीने मागे टाकली असेल, आणि मी तिथे जाऊन त्याला सांगायचं की तुला फसवलं होतं, लिहिणारा मी होतो, तर त्यात त्याचं भलं किती आणि माझ्या झोपेची सोय किती? हे मला खरंच ठरवता येत नाहीये. एवढं मात्र कळतं की ठरवता येत नाही म्हणून गप्प बसणं सोपं आहे, आणि तसा मी अकरा वर्षं बसलो आहे.

त्या स्टॅम्प पेपरची झेरॉक्स आमच्या कपाटात होती. बाबूजींना फोटो पाठवायला सांगितला. त्यांनी कशाला म्हणून विचारलं नाही, फक्त पाठवला, जरा हललेला. माझं अक्षर स्पष्ट वाचता येतं. अंगठ्याचा ठसा काळा ठिपका झालाय.

जुलैत रोवणीला चार दिवस जातोय. तिकीट काढलंय. त्याचं घर आमच्या बांधीच्या वाटेवरच आहे.