शिलोहाचा बुरूज आणि आपली गच्ची



१० सप्टेंबर २०२३ हा रविवार होता. आपण सकाळची मिस्सा आटोपून घरी आलो, जेवलो, दुपारी घटकाभर आडवेही झालो असू. त्या दिवशी ठाण्यात बाळकुम येथे एका चाळीस मजली इमारतीच्या गच्चीवर वॉटरप्रूफिंगचे काम चालू होते. संध्याकाळी काम आटोपून मजूर मालवाहू लिफ्टने खाली उतरत होते. लिफ्ट कोसळली आणि सात जण प्राणास मुकले. दोन दिवस वर्तमानपत्रांत बातमी होती. मग आपण विसरलो.

लूकलिखित शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायात अशाच एका बातमीचा उल्लेख आहे. शिलोहाचा बुरूज कोसळून अठरा माणसे ठार झाली होती. ती कोण होती, बुरुजावर काम करणारी की खालून जाणारी, हे पवित्र शास्त्र सांगत नाही. पण लोक काय बोलत असतील ते प्रभूला ठाऊक होते. यरुशलेमेतल्या इतरांपेक्षा ते अठरा जण जास्त पापी होते काय, असे त्याने विचारले आणि स्वतःच ठामपणे 'नाही' म्हटले. लगेच पश्चात्तापाचा विषय त्याने ऐकणाऱ्यांकडे वळवला.

आपण आज 'पापी' म्हणत नाही. 'त्याची वेळ भरली होती', 'प्यायला असेल', 'पट्टा दिला तरी हे लोक लावत नाहीत', असे आपण म्हणतो. अर्थ तोच. मेलेल्याच्या माथी दोष मारला की आपण मोकळे! प्रभू येशू ही पळवाट बंद करतो.

जुन्या करारात, अनुवादाच्या बाविसाव्या अध्यायात, एक छोटासा नियम आहे. नवे घर बांधशील तेव्हा गच्चीला कठडा बांध. कोणी वरून पडला तर त्याच्या रक्ताचा दोष तुझ्या घरावर येईल. (त्याच अध्यायात घरट्यातल्या पक्षिणीला सोडून द्यायलाही सांगितले आहे. देवाचे लक्ष कुठवर असते पाहा!) हा नियम पडणाऱ्याला उद्देशून नाही. 'जपून चाल' असे तो सांगत नाही. ज्याचे घर आहे त्याला तो बजावतो.

बाबेलच्या बुरुजाविषयी यहुदी धर्मपंडितांची एक जुनी कथा आहे. बुरूज इतका उंच झाला की खालून वर वीट पोहोचायला वर्ष लागे. त्यामुळे वरून माणूस पडला तर कोणी ढुंकून पाहत नसे. वीट पडली की मात्र सगळे रडत बसत.

माणसे पडायचीच, हे खरे नाही. अमेरिकेत सान फ्रान्सिस्कोचा गोल्डन गेट पूल बांधताना, १९३६-३७ साली, खाली जाळे बांधले होते. त्या जाळ्याने एकोणीस कामगारांचे प्राण वाचवले. पुढे फेब्रुवारी १९३७ मध्ये मचाण तुटून जाळ्यावर कोसळले, जाळे फाटले आणि दहा जण गेले, हेही सांगितले पाहिजे. तरीही ते एकोणीस जण घरी गेलेच ना? जाळे, कठडा, पट्टा अडकवायला पक्की दोरी, लिफ्टची वेळच्या वेळी तपासणी: यात अजब असे काही नाही. पैसा लागतो आणि वेळ लागतो. बिल्डर ठेकेदाराला काम देतो, ठेकेदार मुकादमाला, आणि प्रत्येक पायरीवर जे पैसे कापले जातात त्यात पहिली कात्री यालाच लागते.

बिल्डरला नावे ठेवणे सोपे आहे. पण आपल्या सोसायटीला रंग काढायचा असतो तेव्हा आपणही तीन कोटेशने मागवतो आणि सर्वांत कमी रकमेचे पास करतो. परांचीवर चढणाऱ्याला पट्टा आहे का, हा प्रश्न आपल्यापैकी किती जणांनी मीटिंगमध्ये विचारला? रंगाची छटा ठरवायला मात्र आपण तासभर भांडतो.

१९५५ साली बारावे पायस यांनी १ मे हा दिवस कामगार संत योसेफाचा सण म्हणून ठरवला. येशूला सुतार म्हटले आहे, पण मूळ ग्रीक शब्दात बांधकाम करणाराही येतो. नाझरेथमधल्या त्या घरातही संध्याकाळी कामावरून येणाऱ्याची वाट पाहिली जात असेल.

या सणाच्या दिवशी श्रद्धावंतांच्या प्रार्थनेत बाळकुमच्या त्या सात जणांची आठवण ठेवू या. आणखी एक काम आहे. बांधकाम कामगारांसाठी राज्यात कल्याणकारी मंडळ आहे. वर्षातून नव्वद दिवस काम केल्याचा दाखला असेल तर मजुराची तेथे नोंदणी होते. अडते ते याच दाखल्यावर. आज इथे तर उद्या तिथे काम करणाऱ्या परप्रांतीय मजुराला सही देणार कोण? आपल्यापैकी ज्यांची घरे सध्या बांधून होत आहेत, त्यांनी पुढचा हप्ता देण्यापूर्वी ठेकेदाराला समोर बसवावे आणि त्या कागदांवर सही करून घ्यावी.