महिन्याचा आकडा

एकलहऱ्याच्या औष्णिक वीज केंद्रातला कामगार रस्त्यावरच्या अपघातात गेला, तर नाशिकच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे त्याचं पगारपत्रक ठेवता येतं. त्याच घरातली बाई ट्रकखाली आली तर? पहाटे पाणी भरणारी, पहिल्या पाळीचा डबा करणारी, सासूच्या गोळ्यांच्या वेळा पाठ असलेली. तिचं पगारपत्रक कोण देणार?

भरपाईचं मूळ १८५५च्या जीवघेणे अपघात कायद्यात आहे. तिथे मोजायचा तो मागे राहिलेल्यांचा आर्थिक तोटा. न्यायाधिकरणं आली, माप तेच राहिलं. १९९४च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्याला जे परिशिष्ट जोडलं, त्यात न कमावणाऱ्या जोडीदाराचं उत्पन्न कमावत्याच्या एक तृतीयांश धरलं. म्हणजे नवऱ्याचा पगार कमी, तर बायकोच्या श्रमाची किंमतही कमी! २००१मध्ये जमशेदपूरच्या आगीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मध्यमवयीन गृहिणींच्या कामाचे महिना ३,००० रुपये धरले. २०१०मध्ये त्याच न्यायालयाचे न्या. गांगुली यांनी जनगणनेवर बोट ठेवलं: तिथे गृहिणी भिकारी आणि कैद्यांच्या रांगेत, बिनकामाच्या म्हणून नोंदलेल्या होत्या.

तरीही अमरावती जिल्ह्यातल्या एका कुटुंबाचा दावा न्यायाधिकरणाने २००७मध्ये फेटाळला. कारण, मयत गृहिणी, उत्पन्न नाही. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२०मध्ये तो निकाल फिरवून ८.२२ लाख दिले. अपिलाला इतकी वर्षं लागली, याचा मला राग येतो. पुढच्याच वर्षी 'कीर्ती' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सरकारी पाहणीच मांडली: बिनपगारी घरकामात बाईची रोजची २९९ मिनिटं जातात, पुरुषाची ९७. गृहिणीच्या अशा मानीव, म्हणजे अंदाजाने धरलेल्या, उत्पन्नावरही भविष्यातली वाढ द्यावी लागते, हेही तिथे ठरलं.

याचा हिशेबावर काय परिणाम होतो? बत्तीस वर्षांची बाई, मागे चार अवलंबित. महिना ३,००० धरले, त्यात ४० टक्के वाढ घातली, तिच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा केला आणि वर्षाच्या रकमेला वयाच्या १६ गुणकाने गुणलं, की ६,०४,८०० होतात. महिना १०,००० धरले तर २०,१६,०००. टक्केवारी सर्वोच्च न्यायालयाच्या 'प्रणय सेठी' निकालाने, वजावट आणि गुणक 'सरला वर्मा' निकालाने ठरवून दिलेत, त्यात वाद घालायला जागा थोडी. सगळी लढाई त्या पहिल्या आकड्याची.

तो आकडा पटला नाही तर अपील करता येतं, त्याला मुदत नव्वद दिवसांची. रक्कम जास्त झाली म्हणून विमा कंपनी अपिलात जाते, आणि घरचे 'आपल्याला मिळालेत ना' म्हणून गप्प बसतात. २०११च्या 'रंजना प्रकाश' निकालानुसार, कंपनीच्या अपिलात घरच्यांना आधी मिळालेली रक्कम राखण्यासाठी भांडता येतं. वाढवून मात्र मिळत नाही, त्यासाठी स्वतःचं अपील किंवा प्रतिआक्षेप लागतो. म्हणून निवाड्याची प्रत हातात पडली की वकिलाला आधी विचारावं: महिन्याचा आकडा किती धरलाय, आणि कशावरून?