निषेधानंतरची पाच वर्षे

६ फेब्रुवारी १९४० रोजी जर्मनव्याप्त पोलंडमधील लष्कराचा प्रमुख योहान्नेस ब्लास्कोविट्झ याने भूदलाचा सरसेनापती वाल्टर फॉन ब्राउखिट्श याच्यासाठी एक टिपण तयार केले. हिटलरच्या सेनानींनी लिहिलेल्या कागदांत इतका धीट कागद क्वचितच सापडतो. एस. एस. ही नाझी पक्षाची सशस्त्र संघटना आणि तिच्या जोडीचे पोलीस हजारो ज्यू व पोल नागरिकांची जी कत्तल करीत होते ती सर्वथा चुकीची आहे, असे त्यात रोखठोक म्हटले होते आणि तक्रार मोघम राहू नये म्हणून अत्याचारांचे दाखलेही दिले होते.

हे लिहिणारा माणूस तटस्थ प्रेक्षक नव्हता. पूर्व प्रशियातील एका धर्मोपदेशकाचा हा मुलगा आठव्या सेनेचा सेनापती म्हणून पोलंडवर चालून गेला होता आणि २८ सप्टेंबर १९३९ रोजी वॉर्सा शहराची शरणागती त्यानेच स्वीकारली होती. त्या महिन्यात खुद्द लष्करी तुकड्यांनीही नागरिकांना गोळ्या घातल्या होत्या. टिपणाचा रोख मात्र मुख्यतः एस. एस.वर आहे. ऑक्टोबरमध्ये हिटलरने पोलंडमधील जर्मनांच्या अशा कृत्यांना माफी दिली आणि एस. एस.ला लष्करी न्यायालयांच्या कक्षेतून बाहेर काढले, त्यामुळे शिक्षा देण्याचा मार्ग बंद होऊन वरिष्ठांना लिहीत राहणे एवढेच या सेनापतीच्या हाती उरले. नोव्हेंबरमधले त्याचे पहिले निवेदन हिटलरपर्यंत पोहोचले होते आणि हिटलर त्यावर भडकलाही होता, हे ध्यानात घेता दुसऱ्यांदा लेखणी उचलण्यातला धोका त्याला कळत नव्हता असे म्हणता येत नाही.

तरीही टिपणातील युक्तिवाद बारकाईने पाहण्याजोगा आहे. अशा हिंसेने शत्रूच्या प्रचाराला आयते साहित्य मिळते, सैन्याची शिस्त बिघडते आणि जर्मन माणसाच्या मनात पाशवीपणा साथीसारखा पसरतो, अशी कारणे त्यात पुढे येतात. मारल्या जाणाऱ्याचा जगण्याचा हक्क हे कारण जवळजवळ दिसतच नाही. वाचणाऱ्याला पटेल अशाच भाषेत लिहिणे भाग होते, हा बचाव खोटा नाही. परंतु हिताहिताच्या हिशेबावर उभा केलेला निषेध हिशेब पालटला की कोसळतो, आणि फ्रान्स जिंकल्यावर तसेच झाले. जुलै १९४० मध्ये गेओर्ग फॉन क्युख्लर या सेनापतीने पोलंडमधील ‘वांशिक संघर्षा’वर, म्हणजे याच हिंसेवर, टीका करण्यास आपल्या सैनिकांना मनाई केली.

त्याआधीच, मे महिन्यात, पोलंडचा नागरी प्रशासक हान्स फ्रांक याच्या आग्रहाला यश येऊन ब्लास्कोविट्झची उचलबांगडी झाली होती. १९ जुलैला हिटलरने एकदम बारा फील्ड मार्शल नेमले, त्यांत त्याचे नाव नव्हते. निषेधाची किंमत एवढीच पडली. ना तुरुंग, ना सेवेतून बडतर्फी. त्या बारांत असलेल्या वाल्टर फॉन रायखेनाऊचे उदाहरण येथे नजरेआड करता येत नाही. ब्लास्कोविट्झच्या तक्रारींची माहिती पश्चिम आघाडीवरील अधिकाऱ्यांपर्यंत गुपचूप पोहोचवणारा हेल्मुट ग्रोसकुर्थ ऑगस्ट १९४१ मध्ये युक्रेनमधील बिला त्सेर्क्वा येथे होता. आईबाप आधीच मारले गेलेली सुमारे नव्वद ज्यू मुले तेथे एका घरात अन्नपाण्यावाचून कोंडलेली पाहून त्याने त्यांची हत्या थांबवायला लावली, परंतु ती पार पाडावी असा निर्णय सेनापती रायखेनाऊने दिला आणि मुलांना गोळ्या घालण्यात आल्या.

ब्लास्कोविट्झने असा हुकूम दिल्याचे कोणी म्हणत नाही. तो मात्र सेवेत राहिला. ऑक्टोबर १९४० पासून फ्रान्समध्ये पहिली सेना, मे १९४४ पासून दक्षिण फ्रान्समधील ‘जी’ सेनागट, म्हणजे एका नेतृत्वाखालील अनेक सेनांचा समूह, आणि अखेरीस हॉलंड, अशी त्याची कारकीर्द पुढे सरकत गेली. जून १९४४ मध्ये एस. एस.च्या एका डिव्हिजनने ओरादूर-स्यूर-ग्लान हे गाव सहाशेहून अधिक माणसांसह संपवले तेव्हा तो प्रदेश त्याच्याच सेनागटाच्या क्षेत्रात होता, आणि १९४० सारखे टिपण या वेळी निघाले नाही. ५ मे १९४५ रोजी वाखेनिंगन येथील हॉटेलात कॅनडाचा जनरल चार्ल्स फोक्स याच्यासमोर त्याला हॉलंडमधील सैन्याच्या शरणागतीच्या अटी ऐकाव्या लागल्या.

न्यूरेम्बर्ग येथे जर्मन सेनाश्रेष्ठींवरील खटला ५ फेब्रुवारी १९४८ रोजी सुरू झाला, आणि त्याच दिवशी चौदा आरोपींपैकी एक असलेल्या ब्लास्कोविट्झने तुरुंगाच्या वरच्या मजल्यावरून उडी घेऊन जीव दिला. उरलेल्या तेरांपैकी दोघे निर्दोष सुटले, आणि तोही सुटला असता असा तर्क पुढे केला गेला. कायद्याच्या कसोटीवर हा तर्क कदाचित बरोबरही असेल. मात्र बचावपक्षाने जो कागद सर्वांत आधी पुढे केला असता, त्याच कागदावरून सरकारी पक्षालाही दाखवता आले असते, की पुढची पाच वर्षे आपण कोणत्या राजवटीसाठी लढत आहोत हे आरोपीला इतर कोणाहीपेक्षा आधी आणि तपशीलवार ठाऊक होते.