माफ करण्याआधी

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे घटस्फोट घेतलेल्या बाईला चारचौघांत हमखास ऐकवलं जातं. पूर्वीचा नवरा तिच्या कामाच्या ठिकाणी येऊन उभा राहतो, रात्री-अपरात्री फोन करतो, मुलाच्या शाळेच्या फाटकाशी थांबतो. घरचे म्हणतात, "जाऊ दे, पोरांचा बाप आहे तो. देव बघून घेईल." सल्ल्याला धर्माचा आधार दिला की बाईला उलटून बोलता येत नाही. म्हणून प्रश्न धर्माच्याच अंगाने विचारायला हवा: कोर्टाकडे संरक्षण मागितलं तर क्षमा आणि अहिंसा मोडते का?

वर्धा जिल्ह्यातल्या सेवाग्रामात हा प्रश्न टाळता येत नाही. 1936 मध्ये गांधीजी इथे राहायला आले तेव्हा गावाचं नाव शेगाव होतं. स्वतः बॅरिस्टर असूनही 'हिंद स्वराज'मध्ये त्यांनी 1909 सालीच वकील आणि कोर्टांवर कडक टीका केली होती. तेव्हा त्यांचं उत्तर 'जाऊ नकोस' असंच असेल, असं कुणालाही वाटेल.

पण मार्च 1942 च्या 'हरिजन'मध्ये स्त्रियांवरील अत्याचारांबद्दल लिहिताना त्यांनी वेगळीच भूमिका घेतली. हल्ला होत असताना बाईने हिंसा-अहिंसेचा हिशेब करत बसू नये. स्वतःला वाचवणं हे तिचं पहिलं कर्तव्य, त्यासाठी सुचेल तो मार्ग तिला मोकळा आहे. हे प्रत्यक्ष हल्ल्याबद्दल आहे, रोजच्या पाठलागाबद्दल नाही, हे खरं. मात्र 1920 मध्ये 'यंग इंडिया'त त्यांनी क्षमेबद्दलही लिहिलं होतं: शिक्षा करण्याची ताकद असताना ती न करणं म्हणजे क्षमा, असहायाच्या क्षमेला अर्थ नाही. आश्रमाच्या एकादश व्रतांत अहिंसेच्या जोडीने अभयही आहे. फोन वाजला की जिच्या पोटात गोळा येतो, तिच्याकडून क्षमेची अपेक्षा करणं हा अन्याय आहे.

महाभारतही एकतर्फी नाही. वनपर्वात द्रौपदी युधिष्ठिराला प्रल्हाद आणि बळीचा संवाद सांगते: नेहमी क्रोध बरा नाही, तशी नेहमी क्षमाही बरी नाही. युधिष्ठिर क्षमेची थोरवी गातो, पण द्रौपदीचा मुद्दा ग्रंथाने पुसलेला नाही.

आता कायदा काय मागतो ते पाहावं. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम 2005 चा, लागू झाला 26 ऑक्टोबर 2006 पासून. त्याखालचा संरक्षण आदेश त्या माणसाला तुरुंगात धाडत नाही. तिच्या नोकरीच्या जागी जाऊ नकोस, मुलाच्या शाळेत जाऊ नकोस, फोन, पत्र, मेसेज काहीही करू नकोस, असं त्याला बजावता येतं. आदेश मोडला तरच एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. सूड घेण्यासारखं यात काही नाही. वाईट वागायची संधी काढून घेणं आहे, आणि ते त्या माणसाच्याही हिताचंच आहे. मुंबईतल्या एका प्रकरणात 2014 साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आधी केलेल्या हिंसेची जबाबदारी नंतरच्या घटस्फोटाने पुसली जात नाही. घटस्फोटानंतरच्या पाठलागासाठी भारतीय न्याय संहितेचं कलम 78 आहे.

'जाऊ दे' म्हणणाऱ्यांनी याच वर्धा जिल्ह्यातलं हिंगणघाट आठवावं. 3 फेब्रुवारी 2020 रोजी कॉलेजला निघालेल्या तरुण प्राध्यापिकेला, मागे लागलेल्या माणसाने भर रस्त्यात पेटवलं. सात दिवसांनी ती गेली. 2022 मध्ये त्याला जन्मठेप झाली. तो तिचा नवरा नव्हता, कधीच नव्हता. पण पाठलाग कुठवर जातो ते तिथे दिसलं.

संरक्षण आदेश बाईने स्वतः अर्ज करून रद्द करून घेईपर्यंत चालू राहतो. परिस्थिती बदलली तर तो बदलण्याची विनंती पुरुषही करू शकतो. म्हणजे माफ करायचा हक्क कोर्ट तिच्याकडून काढून घेत नाही. अर्ज केल्यावर पहिली तारीख सहसा तीन दिवसांच्या आत द्यावी, असं कायदा म्हणतो. त्या तारखेला तिच्यासोबत भावाने, शेजारणीने, कुणीतरी जायला हवं.