अंतिम निर्णय कशाच्या जोरावर?

सिन्नर तालुक्यात असो की राज्यात कुठेही, शालेय वक्तृत्व स्पर्धेचे किंवा विज्ञान प्रदर्शनाचे पत्रक हातात घेतले की खाली एक ओळ हमखास सापडते: 'परीक्षकांचा निर्णय अंतिम व बंधनकारक राहील.' निकालावर कुणी शंका काढली की आयोजक त्या ओळीवर बोट ठेवतात, आणि थोडे जाणकार असले तर सर्वोच्च न्यायालयाचाही हवाला देतात. चिडलेले पालक उलट ग्राहक न्यायालयाची धमकी देतात. ती धमकी पोकळ आहे. बिहार परीक्षा मंडळाच्या प्रकरणात २००९ मध्येच ठरले की परीक्षा घेणारे मंडळ सेवा विकत नाही आणि विद्यार्थी त्याचा ग्राहक नसतो. आयोजकांच्या दाव्यात मात्र अर्धे सत्य आहे, म्हणूनच तो जास्त नुकसान करतो.

मूल्यमापन करणाऱ्याचा हितसंबंध गुंतलेला नसावा, हे सर्वोच्च न्यायालयाच्या १९६९ च्या क्रैपाक निकालापासून वादातीत आहे. उत्तरसूचीच उघडउघड चुकीची असेल तर विद्यार्थ्याला न्याय मिळतो, हे १९८३ मध्ये कानपूर विद्यापीठाच्या खटल्यात ठरले. खरा घोळ आहे तो १९८४ च्या परितोष शेठ निकालाबद्दल, आणि तो खटला आपल्याच राज्य मंडळाचा. उत्तरपत्रिका पाहू न देणारा व फेरमूल्यांकन नाकारणारा मंडळाचा नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा कायम केला. शैक्षणिक बाबतीत तज्ज्ञांच्या जागी न्यायालयाने स्वतःचे मत बसवू नये, हे न्या. बालकृष्ण एराडी यांच्या निकालपत्रातले सूत्र तेव्हापासून सगळीकडे उद्धृत होते. पण त्याच निकालपत्रात मंडळाच्या पद्धतीचे सविस्तर वर्णन आहे. परीक्षकावर नियामक, त्याच्यावर मुख्य नियामक, आणि बेरीज चुकली किंवा उत्तर तपासायचे राहिले तर गुणपडताळणीचा अर्ज. माणसाच्या हातून होण्याइतकी ही पद्धत निर्दोष केली आहे, असे न्यायालयाला पटले आणि त्या भरवशावर निकालाला अंतिमत्व मिळाले. मंडळाने ते कष्ट करून मिळवले होते. तालुका पातळीवरच्या स्पर्धेत नियामक नसतो, पडताळणी नसते, बहुतेकदा निकषवार गुणांचा कागदही निकालानंतर जपला जात नाही. शिस्त गाळून तिचे फळ तेवढे पत्रकावर छापलेले असते. परितोष शेठ निकालाने याला मान्यता दिली, असे म्हणणे म्हणजे तो न वाचता वापरणे होय.

त्या निकालाचा गुप्ततेचा भाग तर पुढे टिकलाही नाही. माहिती अधिकार कायदा आला, आणि आदित्य बंदोपाध्याय खटल्यात २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच सांगितले की परीक्षार्थीला स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा व तिची प्रत घेण्याचा हक्क आहे. परीक्षकाची ओळख तेवढी झाकावी. फेरमूल्यांकन मागण्याचा हक्क मात्र यातून निर्माण झाला नाही. निकाल बदलून मागणे आणि निकाल कसा लागला ते पाहणे, या दोन गोष्टी तिथे वेगळ्या झाल्या. आज राज्य मंडळ शुल्क घेऊन छायाप्रतही देते आणि स्वतःच्या नियमाने पुनर्मूल्यांकनही करते. शालेय स्पर्धा मात्र १९८४ च्याही मागे राहिल्या.

यावर आक्षेप येईल की वक्तृत्वाचे गुण ही अभिरुचीची बाब. कागद दाखवला तर प्रत्येक हरलेला मुलगा भांडत येईल आणि परीक्षक मिळणार नाहीत. केरळच्या शालेय कलोत्सवात अपिलांची गर्दी होते, हे खरे आहे. पण तिथे अपील निकालच बदलून मागण्याचे असते. इथे मागणी आहे कागद पाहण्याची. अभिरुचीवर वाद घालता येत नाही, बेरजेवर येतो. परीक्षकाचा स्वतःचा विद्यार्थी स्पर्धेत होता का, यावरही येतो. दुसरा आक्षेप असा की एका चषकासाठी एवढा कायदा कशाला? एखाद्या खासगी मंडळाच्या चषकापुरते ते मान्य, तिथे न्यायालय पडणारही नाही. पण तालुका विज्ञान प्रदर्शन पंचायत समितीचा शिक्षण विभाग भरवतो आणि तिथला निकाल मुलाला जिल्ह्यावर पाठवतो. खेळातल्या कामगिरीचे आणि शासकीय रेखाकला परीक्षेतल्या श्रेणीचे गुण तर थेट दहावीच्या निकालात मिळतात. शासन जिथे निकालाला किंमत देते, तिथे त्याने हिशेबही दिला पाहिजे.

तेव्हा शिक्षण विभागाने निकषवार गुणपत्रके जपावीत, हरकतीची मुदत आधीच जाहीर करावी आणि स्पर्धकाशी नाते नसल्याचे परीक्षकांकडून लिहून घ्यावे. पालकांनीही फेरनिकालाचा हट्ट सोडून शासकीय स्पर्धेच्या गुणपत्रकाची प्रत मागावी. माहिती अधिकाराच्या अर्जाला १० रुपये लागतात आणि उत्तर ३० दिवसांत द्यावे लागते.