जून झालेल्या पानांचा नैवेद्य



आजचं वाचन : भगवद्गीता, अध्याय ९, श्लोक २६.

पान, फूल, फळ, पाणी. यातलं काहीही भक्तीने दिलं तर मी ते घेतो, असं भगवंत इथे सांगतात. आपण हा श्लोक बऱ्याचदा एका सोयीच्या वाक्यात गुंडाळून ठेवतो : "देवाला काहीही चालतं." मीसुद्धा. परवा बाल्कनीत उभी असताना हेच वाक्य तोंडात आलं आणि तिथेच अडकलं.

झालं असं की, दिवाळीनंतर मी चार कुंड्यांत कोथिंबीर, लेट्यूस आणि मुळा लावला होता. पहिली कोवळी पानं साताऱ्याला आजीकडे न्यायची आणि तिच्या विठोबाला नैवेद्य दाखवायचा, असं ठरलं होतं. पानं वेळेवर तयार झाली. पण एक रविवार ऑफिसच्या कामात गेला, दुसरा मैत्रिणीच्या लग्नात, तिसरा नुसता झोपण्यात (खरं तेच सांगते). मधल्या काळात तीच पानं मी सँडविचमध्ये घालून खात होते. "पुढच्या रविवारी नक्की" असं आजीला फोनवर किती वेळा सांगितलं, ते मोजायला नको.

आता फेब्रुवारी संपत आलाय. पुण्यात ऊन चटके देतंय, दिवस मोठा झालाय, आणि या झाडांना तेवढा इशारा पुरतो. लेट्यूसच्या मधून उंच दांडा निघालाय. कोथिंबिरीची वरची पानं शेपूसारखी बारीक झालीत, त्यावर पांढरी फुलं, कुठे कुठे हिरवे धणे. मुळ्याला डिंगऱ्या लटकतायत. पहिला विचार आला, वाया गेलं सगळं, उपटून टाकू. दुसरा त्याहून वाईट होता : हेच घेऊन जाऊ. आजी काही म्हणणार नाही, आणि देव तर नाहीच नाही.

तेव्हा वनपर्वातली द्रौपदीची थाळी आठवली. तिचं जेवण उरकलेलं, थाळी घासलेली, आणि दुर्वास ऋषी शिष्यांना घेऊन दारात. कृष्णाने थाळीला चिकटलेलं भाजीचं एवढंसं पान खाल्लं आणि सगळ्यांची पोटं भरली. मग माझ्या जून पानांनी काय पाप केलं?

पण द्रौपदीने चांगली भाजी बाजूला काढून ते पान कृष्णापुढे केलं नव्हतं. तिच्याकडे तेवढंच होतं. माझ्याकडे दोन महिने कोवळी पानं होती, ती मी खाल्ली. आज या श्लोकाचा आधार घेतला, तर माझ्या आळसाला मी भक्तीचं नाव देतेय. श्लोकात देणाऱ्याच्या मनाबद्दलही एक शब्द आहे, प्रयतात्मा. शुद्ध, आवरलेल्या मनाचा माणूस. तो शब्द आपण पटकन ओलांडून जातो.

मग उपटून टाकायचं का? तेही पटेना. चुकले मी, झाड नाही. "जून झाली" ही आपल्या स्वयंपाकघराची भाषा. झाडाच्या हिशेबात तर आत्ताच कामाचे दिवस आलेत. पानं ही त्या बियांसाठी केलेली तयारी होती. मधमाश्यांना ते माझ्याआधी कळलेलं दिसत होतं.

सकाळी ऊन चढायच्या आत कात्री घेऊन बसले. नैवेद्य चाखायचा नसतो, पण लेट्यूस किती कडवट झालंय हे चाखल्याशिवाय कसं कळणार? म्हणून कुंडीपाशीच एक पान चावलं. दांडा मोडला की पांढरा चीक येतो, आणि कडूपणा चांगलाच जाणवतो. कच्चं खाण्यात अर्थ नव्हता. वरची कोवळी पानं तेवढी खुडली, बारीक चिरली, मोहरी-हिंगाच्या फोडणीत टाकली, वर डाळीचं पीठ पेरलं आणि गुळाचा खडा घातला. लसूण नाही, नैवेद्य आहे ना. कडवटपणा गेला नसणार, पण मेथीही आपण कडू म्हणून टाकत नाही. हिरवे धणे ठेचून दह्यात घातले, वर कोथिंबिरीची फुलं. आमटीत धणे आपण रोज खातो, पण हिरव्या धण्यांचा वास वेगळाच, अर्धा कोथिंबिरीचा आणि अर्धा लिंबाच्या सालीचा. डिंगऱ्या मात्र कोवळ्या तेवढ्याच काढल्या; बोटाने वाकवून पट्कन मोडली तर घ्यायची, नाहीतर आत धागे झालेले असतात.

ताट देवापुढे ठेवलं. "गोड मानून घे" असं म्हणायची सवय आहे, पण ते आज म्हटलं नाही. उशीर झाला, एवढंच सांगितलं.

संध्याकाळी आजीला फोन केला. खरं काय ते सगळं सांगितलं, सँडविचसकट. ती हसली. म्हणाली, "फुलावर आलीय ना? मग दोन रोपं राहू दे तशीच. धणे वाळले की मला दे, परसात टाकीन." डिंगऱ्यांचं ऐकून तर खूशच झाली. आजोबांना फार आवडायच्या म्हणे. मला हे माहीतच नव्हतं.

दोन रोपं ठेवलीत. डिंगऱ्या ओल्या फडक्यात बांधून फ्रीजमध्ये आहेत. उद्या सकाळी सहाची एसटी आहे, तिकीट काढलंय. आजीला "रविवारी येते" असं या वेळी मुद्दामच सांगितलेलं नाही.