सातशे थडगी, लाखभर माणसे

न्यू ऑर्लिन्सच्या फ्रेंच क्वार्टरला खेटून बेसिन स्ट्रीटवर सेंट लुईस दफनभूमी क्रमांक 1 आहे. शहरात आज टिकून असलेली ही सर्वांत जुनी दफनभूमी. जेमतेम एका गल्लीच्या आवारात सातशेच्या आसपास थडगी दाटीवाटीने उभी आहेत. पण तिथे विसावलेल्यांची संख्या लाखाच्या घरात असावी, असा अंदाज सांगितला जातो. हे गणित बसते कसे?

1788च्या गुड फ्रायडेला लागलेल्या आगीत साडेआठशेहून अधिक इमारती भस्मसात झाल्या. तेव्हा शहरावर स्पेनची सत्ता होती. गावातली जुनी कॅथलिक दफनभूमी भरत आली होती, म्हणून 1789मध्ये वेशीबाहेर ही नवी जागा नेमून दिली गेली. मिसिसिपीकाठची ही जमीन सखल आणि पाणथळ. पुरलेल्या शवपेट्या पुरात वर यायच्या, म्हणून इथे जमिनीवर थडगी बांधू लागले, असे वाटाडे रंगवून सांगतात. त्यात तथ्य आहे, पण ते अर्धेच. इथले सुरुवातीचे मृतदेह जमिनीतच पुरले गेले. भिंतीतल्या कप्प्यांत मृतदेह ठेवण्याची भूमध्यसागरी रीत स्पॅनिश आणि फ्रेंच मंडळींना ठाऊक होती. तीच रीत एकोणिसाव्या शतकात इथे रूढ झाली.

लुइझियानाच्या उन्हाळ्यात विटांचे थडगे भट्टीसारखे तापते आणि आतला देह लवकर विरतो. निदान एक वर्ष आणि एक दिवस कप्पा उघडायचा नाही, ही परंपरा. त्यानंतर घरात मृत्यू झाला, की उरलेल्या अस्थी मागे सारून किंवा खालच्या खड्ड्यात ठेवून नव्या पेटीला जागा केली जाते. पणजोबा आणि पणतू अखेर एकाच ढिगात मिसळतात. मुंबईच्या कॅथलिक समाजाला हे परके वाटणार नाही. तिथेही काही वर्षांनी कबर पुन्हा वापरतात आणि अस्थी भिंतीतल्या कोनाड्यात ठेवतात.

ज्यांना घराण्याचे थडगे परवडत नव्हते, त्यांनी मंडळे काढली. वर्गणी भरणाऱ्या सभासदाला मंडळाच्या सामाईक थडग्यात जागा मिळे. फ्रेंच, पोर्तुगीज, इटालियन अशा स्थलांतरितांच्या मंडळांची थडगी इथे आहेत. इटालियन मंडळाचे संगमरवरी थडगे 1857चे. त्याच्या चारच वर्षे आधी, 1853मध्ये, पिवळ्या तापाने शहरात आठ हजारांच्या आसपास माणसे नेली होती. परमुलुखात आपल्याला कोण पुरेल, ही धास्ती त्या काळात अगदी खरी होती. तिला या गरीब माणसांनी आपसांत पैसे जमवून उत्तर दिले.

याच आवारात होमर प्लेसी आहेत. व्यवसायाने चांभार असलेले प्लेसी 7 जून 1892 रोजी ठरवून रेल्वेत गोऱ्यांच्या डब्यात बसले आणि अटक करवून घेतली. 1896मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या विरोधात निकाल दिला. वर्णभेदाला त्यामुळे मिळालेला कायदेशीर आधार 1954पर्यंत टिकला. प्लेसी 1925मध्ये वारले; लुइझियानाच्या राज्यपालांनी त्यांना माफी दिली ती 2022मध्ये. एवढा मोठा लढा दिलेला हा माणूस नातलगांसोबत एका कौटुंबिक थडग्यात आहे.

पर्यटकांची गर्दी मात्र असते वूडू परंपरेतली विख्यात स्त्री मरी लव्हो हिच्या थडग्याशी. इच्छा पुरी व्हावी म्हणून लोक त्यावर फुल्या खरडत. डिसेंबर 2013मध्ये कोणीतरी ते चक्क गुलाबी रंगवले. अखेर मार्च 2015पासून धर्मप्रांताने परवानाधारक वाटाड्याशिवाय प्रवेश बंद केला. थडगी असलेल्या कुटुंबांना मात्र पास मिळतो. हा निर्णय कठोर वाटला, तरी योग्यच होता.

परंतु फाटक बंद केल्याने भिंती सावरत नाहीत. मऊ विटांना दरवर्षी चुन्याचा हात लागतो. त्याऐवजी सिमेंट थापले, तर आतली ओल कोंडते आणि विटा फुटतात. 1 नोव्हेंबरच्या सर्व संतांच्या सणाआधी चुना लावून शेवंतीची फुले वाहण्याचे काम कुटुंबे करत आली. ज्यांचा वंश संपला, ज्यांची मंडळे विसर्जित झाली, त्यांच्या थडग्यांना कोणी वाली नाही. मरी लव्होच्या नावाने येणाऱ्या पर्यटकांच्या पैशावर पहिला हक्क या बेवारस थडग्यांचा असला पाहिजे.